मुचकुंदी : घटिकापात्र टेबलावर आलं

मुचकुंदी म्हणजे आमच्या टेबलावरच्या रोलप्लेमधलं (पात्रं होऊन गोष्ट खेळायच्या खेळातलं) एक काल्पनिक औषध. मागच्या नोंदीत तिचा नुसता कच्चा आराखडा होता. आता नियम बसलेत, वेळ मोजायचं घटिकापात्र तयार आहे आणि आमच्या गटात एक मोठा प्रसंग खेळूनही झालाय, म्हणून यावेळी सविस्तर लिहितोय.

मोहीम माहीत नसलेल्यांसाठी थोडक्यात: साल १८१८, पावसाळा. पेशवाई नुकतीच बुडालीय. खेळाडूंची टोळी विशाळगडाजवळच्या माचाळच्या पठारावर अडकून पडलीय. मुचकुंद ऋषींची म्हणून सांगतात ती गुहा माचाळला खरोखरच आहे आणि मुचकुंदी नदीही तिथूनच उगम पावते. माझ्या गोष्टीत त्या गुहेतल्या कुजक्या ओंडक्यांवर एक बुरशी येते. तिचा चीक वाळवला की काळपट, चिकट गोळा होतो. ती मुचकुंदी. बुरशी पूर्णपणे काल्पनिक आहे, पण तिला मनाला येईल तशी वागू द्यायची नाही हे मी पहिल्यापासून ठरवलं होतं.

वेळेशी खेळणारी वस्तू रोलप्लेमध्ये आली की सगळे पटकन एकाच दिशेला जातात: खाणारा वेगवान होतो, त्याला जादा वार मिळतात, संपलं. मला उलटी दिशा हवी होती आणि ती पुराणात तयार होती. मुचकुंदाने देवांच्या बाजूने लढून झाल्यावर वर मागितला तो झोपेचा. कालयवनाने लाथ मारून उठवलं तेव्हा तो जागा झाला आणि बाहेर येऊन बघतो तर माणसं, झाडं, सगळंच खुजं झालेलं. तो होता तसाच राहिला आणि युग पुढे निघून गेलं. मुचकुंदी हेच करते. ती खाणाऱ्याला थांबवते, जग पुढे जातं.

प्रमाणही आपल्या जुन्या कालगणनेतच मिळालं. ६० पळांची १ घटका, म्हणजे २४ सेकंदांचं पळ आणि २४ मिनिटांची घटका. एक गुंज मुचकुंदी पोटात गेली की खाणाऱ्याचं एक पळ जातं तेवढ्यात बाकीच्यांची एक घटका उलटते. जखम वाहते तीही साठपट हळू. विष चढतं तेही साठपट हळू. वैद्य येईपर्यंत माणूस टिकवायचा असेल तर याहून मोठं औषध नाही.

आता दुष्परिणाम. इथे मला खऱ्या बुरशीची मदत झाली आणि या भागावर माझं फार प्रेम आहे. न्यूरोस्पोरा क्रासा नावाच्या नारिंगी बुरशीला स्वतःचं घड्याळ असतं. प्रयोगशाळेत लांब काचेच्या नळीत आगर (बुरशी वाढवायचा जेलीसारखा थर) भरतात, एका टोकाला बुरशी लावतात आणि नळी काळोखात ठेवतात. बुरशी पुढे सरकत जाते आणि साधारण दर २२ तासांनी नारिंगी बीजाणूंचा एक पट्टा उमटवते. तिच्या एका जनुकात बदल झाला की तोच काळ १६ तासांवर येतो किंवा २९ तासांपर्यंत लांबतो. १९८३ मध्ये कोलंबिया यानातून ही बुरशी अंतराळात नेली होती. तिथेही तिचं चक्र चालू राहिलं. आणखी एक गोष्ट: तिला निळा उजेड कळतो, तांबडा कळत नाही.

हे सगळं मी नियमात घेतलं. अंमल उतरल्यावरही खाणाऱ्याच्या अंगात बुरशीचं २२ तासांचं घड्याळ राहतं. त्याची भूक आणि झोप रोज दोन तासांनी आधी येते. सहाव्या दिवशी बाकीचे जेवायला बसतात तेव्हा त्याची मध्यरात्र असते. ११ दिवसांत त्याचे १२ दिवस होतात आणि तेव्हा तो पुन्हा सगळ्यांच्या जोडीला येतो. कोरडं ऊन अंगावर घेतलं तर घड्याळ लगेच जागेवर येतं, पण पावसाळ्यातल्या माचाळवर ऊन आणायचं कुठून? मशालीचा आणि चुडीचा उजेड तांबूस, त्याने काहीही फरक पडत नाही. खऱ्या बुरशीला ढगाळ दिवसाचा उजेडही पुरेल. इथे मी मुद्दाम सूट घेतलीय, कारण उन्हासाठी घाट उतरायचा की नाही हा प्रश्न टोळीपुढे यायला हवा होता. हिशेबासाठी कागदाच्या दोन पट्ट्या केल्यात: एकीवर ११ घरं, दुसरीवर गेरूने काढलेले १२ पट्टे. एकाखाली एक धरल्या की कोण किती सरकलंय ते नुसत्या नजरेने कळतं.

आता घटिकापात्र. तळाला बारीक भोक असलेली तांब्याची वाटी पाण्यावर सोडायची, ती भरून बुडाली की घटका झाली. भांड्यांच्या दुकानातून पातळ पत्र्याची वाटी घेतली, सगळ्यात बारीक ड्रिलने मधोमध भोक पाडलं आणि मग सुईसारख्या कानशीने ते अगदी कणाकणाने मोठं करत गेलो. प्रत्येक वेळी मोबाईलवर वेळ लावायची, वाटी सोडायची, वाट बघायची. भोकाच्या कडेला राहिलेला पत्र्याचा काटाही वेळ बदलतो, म्हणून आतली बाजू बोटाला गुळगुळीत लागेपर्यंत घासायची. २४ मिनिटांवर आली तेव्हा थांबलो. बुडताना ती आधी एका अंगाला कलते, कडेवरून पाणी आत शिरतं, घुळकन आवाज होतो आणि तळाला टण्ण.

टेबलावरचा नियम असा: मुचकुंदी घेतलेल्या खेळाडूने चिंचगुळाची गोळी तोंडात टाकायची आणि वाटी पाण्यावर सोडायची. टण्ण होईपर्यंत त्याने बोलायचं नाही, फासे टाकायचे नाहीत. बाकीच्यांचा खेळ चालूच. वाटी बुडाली की त्याला बोलायला २४ सेकंद. (गोळी चिंचगुळाचीच. रंगत यावी म्हणून कुणीही रानातली अळंबी टेबलावर आणू नये, विषारी कुठली ते बघून कळत नाही.)

परवाच्या सत्रात आमच्या वैदूच्या पोटात भाल्याची जखम झाली. तिने स्वतःच गुंजभर घेतली आणि वाटी सोडली. टोळीने तिला डोलीत घातलं. पहिली दहा मिनिटं सगळे तिच्याचबद्दल बोलत होते. मग घाटवाटेवर गोऱ्यांची चौकी दिसली आणि चर्चा वळली. मुचकुंदीचा डबा चौकीवाल्याला देऊन वाट मोकळी करून घ्यायची असं ठरलं. ती समोर बसून ऐकत होती. तिचा हात दोनदा वर झाला आणि खाली आला. वाटी बुडाली तेव्हा डबा गेलेला होता. मिळालेल्या २४ सेकंदांत ती एवढंच म्हणाली, "तो डबा माझ्या गुरूचा होता." मग खोलीत कुणीच बोललं नाही आणि डोलीवाला खेळणाऱ्याने आपणहून चौकीकडे परत फिरायचा बेत मांडला.

म्हणून मुचकुंदीची किंमत मी आता गुणांत मोजतच नाही. आरोग्याचे गुण कापले की खेळाडू ते कागदावर लिहितो आणि विसरतो. तुमच्याशिवाय निर्णय झाले, हे कुणी विसरत नाही. २४ मिनिटं एका खेळाडूला गप्प ठेवणं जास्त होतं असं काही मित्रांनी सुचवलं होतं. मी वेळ कमी करणार नाही. हवं तर अर्ध्या गुंजेसाठी वेगळी, मोठ्या भोकाची वाटी करेन.

पुढच्या सत्राची तयारी निम्मी झालीय. गुहेच्या आतल्या खोबणीत एक माणूस बसलाय. १७५८ मध्ये मराठी फौजा अटकेपर्यंत पोचल्याची बातमी कोकणात आली तेव्हा तो आत शिरला. त्याचा थोरला भाऊ त्याच फौजेत होता. श्वासातून बुरशी आत जात राहिली आणि बाहेरची ६० वर्षं म्हणजे त्याचं एक वर्ष. त्याच्या एका दिवसात गावाचे दोन महिने जातात, दिवसाला दोन जेवणं धरली तर महिन्याला एक ताट. त्यामुळे माझ्या गोष्टीतल्या माचाळमध्ये दर अमावस्येला गुहेपुढे नैवेद्य ठेवायची रीत आहे आणि तो कुणासाठी ते आता गावात फक्त एका म्हातारीला माहीत आहे.

त्याने पानिपत ऐकलेलं नाही. टोळीने त्याला उन्हात आणलं की तो पहिल्यांदा भावाचंच विचारणार. त्या संभाषणाला फासे नाहीत, एवढं पक्कं आहे. अडलंय ते एका नियमावर: दोघांनी एकाच वेळी मुचकुंदी घेतली तर ते आपापसात नेहमीसारखे बोलू शकतील, मग वाटी एकच ठेवायची की दोन? टोळीतलं कुणीतरी त्याच्याशी बोलायला गोळी घेऊन आत जाईल असा माझा अंदाज आहे, तेव्हा सत्राआधी हे ठरायला हवं. कुणी असा जोडीचा प्रसंग चालवला असेल तर कसा जमवला ते नक्की कळवा.