लिडियाच्या वहाणा

लिडियाला मी मारले तेव्हा बाहेर आषाढाचा पाऊस कोसळत होता आणि आई माजघरात फणसाच्या आठळ्या सोलत बसली होती. माझ्या तोंडून मोठ्याने काहीतरी निघाले असावे.

"किदें जालें रे?" तिने आतून विचारले.

"काही नाही गं. लिडिया गेली."

आतली खुडबुड थांबली. "कुठली लिडिया? तुझ्या शाळेतली? मयत किती वाजता?"

गोव्यात या प्रश्नात वावगे काहीच नाही. लिडिया नावाची बाई पंचक्रोशीत सहज निघेल, आणि ओळखीचे कुणी गेले की जायचे असतेच, मग ते स्मशानात असो की इगर्जीत. ही लिडिया कॉम्प्युटरमधली आहे असे मी सांगितले. "मग उठव तिला परत," म्हणून आई पुन्हा आठळ्यांना लागली. उठवलीच मी. आधीच्या सेव्हवर, म्हणजे खेळ जपून ठेवलेल्या टप्प्यावर, गेलो आणि अर्ध्या तासाचा खेळ नव्याने खेळलो. पण गोष्ट मनातून जाईना, कारण तिला दरोडेखोरांनी मारले नव्हते. तो आगीचा गोळा माझा होता.

खेळाचे नाव स्कायरिम. ११ नोव्हेंबर २०११ रोजी आला, म्हणजे आताच्या मुलांच्या दृष्टीने पुराणातला. भाचा पुण्याला इंजिनिअरिंगला गेला आणि त्याचा तो भलामोठा कॉम्प्युटर आमच्या म्हार्दोळच्या घरी राहिला, त्यात हा खेळ होता. मी शाळेत भूगोल शिकवतो. नकाशा उघडा दिसला की मला त्यात शिरावेसे वाटते. शिरलो. तिकडे बर्फ, इकडे भिंतीला ओल. पावसाळ्याचे तीन महिने बरे गेले.

या खेळात व्हाइटरन नावाचे गाव आहे. तिथल्या पश्चिमेच्या टेहळणी बुरुजापाशी तुम्ही पहिला ड्रॅगन मारता, गावचा यार्ल, म्हणजे अधिपती, बालग्रूफ खूश होतो, तुम्हाला 'थेन' असा मान देतो आणि मानासोबत एक अंगरक्षक देतो. तीच लिडिया. अंगात पोलादी चिलखत, बोलणे मोजके. सापडलेल्या तलवारी, ड्रॅगनची हाडे, वांगी-बटाट्यासारखे गोळा केलेले मशरूम, सगळे तिच्या पाठीवर लादता येते. दर वेळी ती आठवण करून देते की मालकाची ओझी वाहण्याची तिने शपथ घेतली आहे. त्या वाक्याचा सूर मात्र असा, की शनिवारी जादा तास घ्यायला सांगितल्यावर स्टाफरूममध्ये उमटतो तोच.

मला वाटायचे, ती माझे रक्षण करते. हळूहळू ध्यानात आले की खेळातला माझा निम्मा वेळ तिला जपण्यातच जातोय.

मरणाच्या बाबतीत खेळाने माणसांचे तीन वर्ग केले आहेत. बहुतेक माणसे मर्त्य, गेली की गेली. कथेला ज्यांची गरज आहे ती मरतच नाहीत. गुडघ्यावर बसतात, धापा टाकतात, उठतात. लिडियासारखे सोबती या दोहोंच्या मध्ये लटकलेले. शत्रूने झोडपून काढले तरी ती गुडघा टेकते, आणि मग शत्रू सहसा तिला सोडून दुसरीकडे वळतो. लढाई सरली की ती उठते. गुडघ्यावर असताना तिला संपवण्याची खरी मुभा असते ती एकाच माणसाला, खेळणाऱ्याला. दरोडेखोराची कुऱ्हाड जिथे थांबते तिथे माझा हात थांबत नाही.

त्या संध्याकाळी झाले ते एवढेच. गुहेत ती खाली बसलेली, तिच्याभोवती तिघे, आणि मी तिला वाचवायच्या आवेशात आगीचा गोळा सोडला. त्या मंत्राचा स्फोट १५ फुटांच्या त्रिज्येत पसरतो, हे वर्णनात स्पष्ट लिहिले आहे. मी ते वाचलेही होते. वर्गात स्केल न पाहता नकाशावरचे अंतर सांगणाऱ्या पोरांना मी किती बोलतो!

त्यानंतर मी शिस्त लावून घेतली. ती पुढे असेल तर आग बंद, फक्त तलवार. तीही तिच्या अंगाला लागणार नाही अशा बाजूने. गुडघ्यावर बसली तर 'हीलिंग हँड्स' हा मंत्र. हातातून सोनेरी उजेड निघतो आणि तिला बळ मिळत राहते, पण तोवर तुम्हाला उभे राहून मार खावा लागतो. जुन्या थडग्यांमध्ये जमिनीवर दाबाच्या फरश्या असतात. पाय पडला की भिंतीतून भाले येतात किंवा काट्यांचे दार फाडकन अंगावर येते. मी त्या ओळखतो, वळसा घालतो. लिडिया वळसा घालत नाही. ती माझ्याकडे सरळ रेषेत येते, मधल्या फरशीसकट. चोरपावलांच्या कौशल्यात एक टप्पा असा आहे की तुमच्या पायाने त्या फरश्या दबतच नाहीत. तो मिळवल्यावर मी दोन दिवस खुशीत होतो, मग कळले की तो फक्त माझ्या पायांपुरता आहे. झुलत्या पात्यांच्या बोळातून आधी मी धावत जायचे, पलीकडची साखळी ओढून पाती थांबवायची, तोवर ती अलीकडे थांबेल अशी आशा धरायची. जमिनीवर तेल सांडलेले असले आणि वर मातीचा दिवा टांगलेला असला, तर तिथून निमूट मागे फिरायचे. आणि दारे! दारात उभे राहण्याची या बाईला विलक्षण हौस. अरुंद बोळ, समोर दार, दारात लिडिया, माझ्या मागे अस्वल. आमच्या बाजारात ऐन चतुर्थीच्या आदल्या दिवशी माटोळीचे, म्हणजे गणपतीवर टांगायच्या फळा-पानांचे, सामान घेताना एखादी काकी नेमकी वाटेत उभी राहून कांगल्यांचा भाव करत असते, तसे.

हे सगळे मी भाच्याला फोनवर सांगितले. तो हसला. "मामा, एवढे कशाला? कन्सोल उघड आणि एक ओळ टाइप कर. ती मरणारच नाही."

कन्सोल म्हणजे खेळाला थेट हुकूम टाइप करायची खिडकी. ओळ खरेच आहे. त्या पात्राचा क्रमांक द्यायचा, पुढे एक हा आकडा लिहायचा. पात्र वरच्या वर्गात जाते, यार्ल आणि बड्या सरदारांच्या पंक्तीत. पूर्वी या खेळांच्या मालिकेत अशी पंगतच नव्हती. २००२च्या मॉरोविंडमध्ये कुणालाही मारता येत असे. एखादे महत्त्वाचे माणूस मेले तर भविष्यवाणीचा धागा तुटल्याची सूचना पडद्यावर यायची. मग जुना सेव्ह उघडा, नाहीतर बिघडलेल्या जगात तसेच जगत राहा. २००६च्या ऑब्लिव्हियनमध्ये महत्त्वाची माणसे बेशुद्ध पडून उठू लागली. मारणाऱ्याला पश्चात्तापाची सोय उरली नाही. स्कायरिमने मधला वर्ग आणला. त्या मधल्या वर्गाबद्दल खेळ बनवणाऱ्यांचे मला कौतुक वाटते, पण त्या रात्री मी ती ओळ टाइप केली.

आठवडाभर खेळलो. आगीचे गोळे मनसोक्त. लिडिया पडायची, उठायची, पडायची. एकदा दोन महाकाय राक्षसांशी लढून मी ओढ्यापलीकडे गेलो, बरीच वाट चाललो, आणि लक्षात आले की मागे वळून पाहिलेलेच नाही. ती आली असेल, नसेल. मला काही फरक पडत नव्हता. शाळेची सहल घेऊन दरवर्षी हरवळ्याच्या धबधब्यावर जातो मी. तिथे दर दहा मिनिटांनी मान मागे वळते, ओठ आपोआप हलतात, अडतीस, एकोणचाळीस, चाळीस. सहल संपल्यावर घरी येऊन जेवताना मान दुखते. खेळात माझी मान दुखायची थांबली होती, आणि मला ते आवडले नाही. एकाच्या जागी शून्य टाइप केले. लिडिया पुन्हा मधल्या वर्गात आली.

भाचा सध्या ड्रॅगन्स डॉग्माचा दुसरा भाग खेळतो. २०२४चा. त्यातल्या सोबत्यांना म्हणे एक रोग होतो, आणि लक्षणे ओळखली नाहीत तर तुम्ही सरायीत झोपला असता तो सोबती गावच्या गाव संपवतो. मी म्हटले, मला माझी दारात उभी राहणारी बरी.

आईला या सगळ्यात एकच विसंगती दिसत होती. "ती तुझी राखण करायला ठेवलीय ना? मग तू तिची कसली राखण करतोस?"

बोलली आणि उठून देवासमोर वात लावायला गेली. हसू आले मला. हे विचारणारी बाई म्हार्दोळात राहते! आमची म्हाळसा मूळची वेर्ण्याची. मंगेश कुशस्थळीचा, म्हणजे आताच्या कुठ्ठाळीचा, शांतादुर्गा केळशीची. १६व्या शतकात पोर्तुगीजांनी साष्टीतली देवळे पाडायला घेतली तेव्हा भक्तांनी देव उचलले, झुआरी ओलांडली आणि अंत्रुज महालात, म्हणजे आताच्या फोंडा भागात, आणले. तो मुलूख तेव्हा पोर्तुगीजांच्या हाती नव्हता. मंगेश १५६०च्या सुमारास प्रियोळला आला असे सांगतात. ज्यांच्याकडे 'सांभाळ रे' म्हणून गाऱ्हाणे घालायचे, त्यांनाच पाटीत घालून, वर कापड झाकून, अंधारात होडीत बसवले असणार. होडीतल्या माणसाने त्या रात्री गाऱ्हाणे कुणाला घातले असेल, हा प्रश्न मला लहानपणापासून पडतो. आईला नाही पडत. तिच्या मते देवीलाच. दुसऱ्या कुणाला?

आणि तो राखणदार. आमच्या वाड्याच्या शिवेवर जुन्या झाडाखाली त्याची जागा आहे. रात्री तो गावाभोवती फिरतो, वाट चुकलेल्याला घरी पोचवतो. वर्षातून एकदा त्याला रोट, म्हणजे जाड भाकरी, द्यायचा, नारळ द्यायचा. काही ठिकाणी विडीसुद्धा. वेताळाला तर चामड्याच्या वहाणा वाहतात. रात्रभर गस्त घालून त्याच्या वहाणा झिजतात म्हणून. मी भूगोलवाला, मला हे असे बघायला आवडते: ज्याला रोज इतके अंतर चालायचे, त्याच्या पायांचा विचार गावाने केलेला आहे.

माझा विचार मात्र वेगळ्याच दिशेने गेला. लिडियाला जपायचे तर तिला नेऊच नये, हे मला सुचले. उत्तरेच्या दलदलीत मॉर्थलजवळ उस्टेनग्रॅव्ह नावाचे थडगे आहे. त्यात एका दालनाच्या फरशांतून आगीचे लोळ उठतात. आगीचा माझा अनुभव तुम्हाला माहीत आहे. तिला मी दाराबाहेर उभे केले, 'इथेच थांब' म्हटले आणि आत गेलो. आत अपेक्षेपेक्षा खूपच शांत वाटले. दारे मोकळी. कुणी फरशीवर पाय देत नव्हते. सावकाश फिरलो, सगळे पाहिले. शेवटी ज्या शिंगासाठी आलो होतो त्याच्या जागी चिठ्ठी मिळाली: रिव्हरवुडच्या खानावळीत या. मी नकाशा उघडला आणि रिव्हरवुडवर बोट ठेवले. तिथून पुढे गोष्ट अशी धावत सुटली की खानावळीत झोपलो, उठलो, कुठे कुठे गेलो.

स्कायरिममध्ये घड्याळ वीस पटीने पळते. आपला एक तास म्हणजे तिकडचे वीस तास. थांबवलेला सोबती तीन दिवस थांबतो. त्यानंतर कंटाळून निघून जातो, आणि पडद्याच्या कोपऱ्यात तशी एक ओळ येते. ती ओळ आली तेव्हा मी कुणाच्या तरी घरातले चीज उचलत होतो.

इतका वेळ तिची आठवणच झाली नव्हती. दलदलीच्या कडेला, धुक्यात, बंद दाराकडे तोंड करून ती तीन दिवस उभी. चाळीस मुले मोजणारा मी.

व्हाइटरनला गेलो. तिथे माझे घर आहे, ब्रीझहोम. ५,००० मोहरांना घेतलेले. कुणाची वाटणी नाही, वारसांमधला इन्व्हेंटरीचा खटला नाही, पैसे मोजले आणि किल्ली हातात आली. गोव्यातल्या माणसाला खेळातला हाच भाग सर्वांत अद्भुत वाटतो. दार उघडले. लिडिया खुर्चीत बसून पाव खात होती. मी समोर उभा राहिलो, तिने वर पाहिले. तक्रार नाही, चौकशी नाही. चल म्हटले असते तर तशीच उठून आली असती.

मी आधी तिच्याशी सामानाची देवाणघेवाण उघडली. मशरूम, हाडे, चार जास्तीच्या कुऱ्हाडी, तिच्या पाठीवरचे सगळे काढून पेटीत टाकले. मग बूट पाहिले. खूप आधी, खेळाच्या सुरवातीला, कुठल्याशा दरोडेखोराचे काढून दिलेले होते. माझ्या स्वतःच्या पायांतले तेवढ्यात तीनदा बदलून झाले होते. माझ्याकडे त्यातल्या त्यात जे चांगले होते ते तिला दिले. जास्त संरक्षण देणारी वस्तू सोबती आपणहून घालतो, तिने घातले.

जुने बूट विकायला दुकानापर्यंत नेले होते. दोन-चार मोहरा आल्या असत्या. परत आणून पेटीत ठेवले.

"जेवायला येतोस की नाही?" आईने हाक मारली. "आणि ती तुझी लिडिया, उठली का?"

"उठली," मी म्हटले. "जेवतेय."