दोन फ्रेम

मी मालिकेचं संकलन करते. काल माझ्या कटवर, म्हणजे दोन शॉटच्या सरळ जोडावर, कोणीतरी डिझॉल्व्ह टाकला. मला कळलं ते एपिसोड टीव्हीवर लागल्यावर. आई दार लावून घेते आणि दाराचा आवाज पुरा व्हायच्या आत मुलगी लोकलच्या गर्दीत, असं मी कापलं होतं. आता दार हळूहळू विरघळतं, त्यातून गर्दी उगवते आणि वर बासरी. विचारलं तर, "ताई, त्यांना जरा सॉफ्ट हवं होतं." एवढंच. कोणाचं काही बिघडलं नाही. तरी रात्रभर डोळ्याला डोळा नाही. ह्यांना सांगितलं, तर म्हणाले, "कुठलं दार?"

बरोबरच आहे म्हणा. ज्याला कट दिसला, त्याच्यापुरता तो फसलाच, असं आम्हीच नव्या पोरांना शिकवतो. मग कोणाला दिसला नाही म्हणून रडायचं कशाला? पण रडू येतं.

असं झालं की मला ब्रिटिश संकलक ॲन कोट्स आठवते. 'लॉरेन्स ऑफ अरेबिया'तला तो कट. पीटर ओटूल जळती काडी चेहऱ्यासमोर धरतो, फुंकर मारतो आणि थेट वाळवंट. लाल आभाळ, सूर्य अजून वर यायचाय, आपण वाट बघत बसतो. पटकथेत तिथे डिझॉल्व्ह होता. तेव्हा डिझॉल्व्ह लॅबमधून करून आणावा लागे, तोवर दोन्ही शॉट नुसते एकापुढे एक जोडलेले असत. तसे जोडलेले बघितले आणि तिला ते आवडले, दिग्दर्शक डेव्हिड लीनलाही आवडले. फ्रेंच पोरं, म्हणजे तिकडचे नवे दिग्दर्शक, असले सरळ कट करतात, ते सिनेमे बघा, असं ती त्याच्या आधीपासून मागे लागली होती. लीन म्हणाला, अजून नीट कर. तिने दोन फ्रेम काढल्या. सेकंदाचा बारावा भाग.

तिच्या नशिबाने डिझॉल्व्ह गेला. माझ्या नशिबी आला.

आणि तरी लोक 'लीनचा कट' म्हणतात. ऑस्कर तिला मिळालं, मान्य. पण नाव घेताना लीन! हे मला तिच्यापेक्षा जास्त लागतं की काय, कोण जाणे. तिचा मामा जे. आर्थर रँक, म्हणजे ब्रिटिश सिनेमाचा अर्धा बाजार त्याच्या खिशात. त्याने भाचीला धार्मिक फिल्मांच्या कामावर बसवलं, प्रिंट जोडत बसेल आणि खूळ उतरेल म्हणून. माझे मामा एसटीत. त्यांनी मला बँकेच्या परीक्षांना बसवलं. हेतू तोच, खिसा वेगळा.

आज चहा घेताना एक आठवलं आणि जरा हसूच आलं. २२२ मिनिटांचा तो 'लॉरेन्स', त्याचीही लोकांनी गय केली नाही. प्रदर्शनानंतर लगेच वीस मिनिटं उडवली, १९७० च्या सुमारास पुन्हा लावताना आणखी पंधरा. ऑस्करविजेत्या संकलनाची ही गत, मग आमची रोज साडेसातची मालिका! पुढे १९८९ च्या सुमारास जुने तुकडे शोधून सिनेमा पुन्हा उभा केला, तेव्हा लीन म्हातारा झालेला, आणि कोट्स त्याच रिळांवर परत बसली. मधल्या काळात ती काही हात चोळत बसलेली नव्हती. 'द एलिफंट मॅन' करून झाला होता. पुढे सत्तरी उलटल्यावर 'आउट ऑफ साइट' केला. हॉटेलच्या बारमध्ये क्लूनी आणि लोपेझ अजून गप्पाच मारतायत आणि मध्येमध्ये आपण त्यांच्या खोलीत जाऊन येतो, कपडे उतरतायत, क्षणभर चित्र थिजतं, परत बार. बाई बहात्तरच्या घरात, आणि सीन किती चावट! शेवटी नव्वदीला टेकताना 'फिफ्टी शेड्स ऑफ ग्रे'. तो सिनेमा मला पंधरा मिनिटांवर बघवला नाही, पण १९५२ पासून संकलन करणाऱ्या बाईने काय घ्यावं, हे सांगणारी मी कोण.

तिलाही कोणी सॉफ्ट करून मागितलं असेलच. केलं असेल, नसेल. मला एवढंच कळत नाही, की दुसऱ्या दिवशी ती खुर्चीत बसताना मनात काय असायचं. की काहीच नसायचं, नुसतं पुढचं रीळ? आईला कधीतरी विचारायला हवं होतं, तिच्या शिवणाबद्दल. जाऊ दे.

दुपारी निरोप आलाय, लग्नाचा महाएपिसोड. चार कॅमेरे, हळद, आणि नणंदेचा तोच रिॲक्शन शॉट तीनदा टाका, म्हणे. टाकते म्हटलं. तिन्ही वेळा तो वेगवेगळ्या फ्रेमवर कापणार आहे, हे मात्र सांगितलं नाही. मागच्या बिलाचं काय झालं, तेवढं विचारून घेतलं.