डक्टच्या चावीसाठी ४७ दिवस : झुरळांचा माझा अनुभव

३ फेब्रुवारीला मी सोसायटीच्या ऑफिसात डक्टची चावी मागितली आणि २२ मार्चला ती मिळाली. मधले ४७ दिवस आठवले की अजूनही राग येतो, म्हणून लिहायला बसले आहे. आमची इमारत डोंबिवलीत आहे, चार मजली आणि तीस वर्षांपूर्वीची. स्वयंपाकघराच्या मागे सांडपाण्याचे पाइप जातात तो बंद उभा डक्ट आहे. त्याला तळमजल्यावर लोखंडी दार आणि दाराला कुलूप.

सुरुवात मुलीच्या खोकल्यापासून झाली. ती सात वर्षांची आहे, रात्री छाती वाजायची. डॉक्टरांनी धूळ, उशा, मांजर सगळं विचारलं आणि मग विचारलं, "घरात झुरळं आहेत का?" झुरळांची विष्ठा, लाळ आणि गळालेली कात यांचा बारीक चुरा हवेत मिसळतो आणि दम्याच्या मुलांना त्याचा त्रास होतो, हे मला तेव्हा कळलं. तोवर झुरळ म्हणजे फक्त किळस होती. त्या रात्रीपासून ती माझ्या मुलीच्या श्वासाची गोष्ट झाली.

पेस्ट कंट्रोलवाल्यांचं वर्षाचं कॉन्ट्रॅक्ट होतंच. त्यांनी दोनदा फवारलं आणि दोन्ही वेळा चार दिवसांनी झुरळं बेडरूममध्ये दिसू लागली, जिथे आधी कधीच नव्हती. फवाऱ्यातलं औषध बऱ्याचदा झुरळांना चिडवतं, ती फटीतून बाहेर पडतात आणि वाट फुटेल तिकडे जातात. जी मरतात ती मरतात, उरलेली नवी जागा शोधतात. मी पैसे देऊन ती घरभर पसरवली होती.

मग मी ती नीट बघायला लागले. टॉर्चला लाल जिलेटीन पेपर गुंडाळला, कारण झुरळांना लाल उजेड जवळजवळ दिसत नाही. रात्री एक वाजता अंधारात ओट्यासमोर स्टूल टाकून बसायचे. एरवी दिवा लावला की पळापळ होते. लाल उजेडात ती आपापल्या कामाला लागलेली असतात. मोकळ्या फरशीवरून सरळ कोणी जात नाही. भिंतीची कड आणि ट्रॉलीची पट्टी धरून, मिशा कडेला घासत चालतात. पाठ आणि पोट दोन्हीकडून काहीतरी टेकेल अशी फट त्यांना लागते. मी जागेवर नुसती हलले तर फरक पडायचा नाही, पण जोरात श्वास सोडला की पसार. त्यांच्या शेपटाकडे दोन छोटी टोकं असतात, त्यांवर बारीक केस असतात आणि हवेची झुळूक त्यांनाच कळते. चप्पल उचलली की चपलेआधी तिची हवा पोचते आणि झुरळ उलट दिशेला वळलेलं असतं. चपलेने दिसलेली दोन-चार मरतील, पण फटीतल्यांचं काय?

आमच्याकडची झुरळं लहान, फिकट तपकिरी, डोक्यामागे दोन काळ्या रेघा असलेली. नाव जर्मन झुरळ, पण माणसाच्या घरात राहणारी ही जात सुमारे २१०० वर्षांपूर्वी भारतात किंवा म्यानमारच्या बाजूला तयार झाली, असं २०२४ च्या जनुकीय अभ्यासात निघालं. ती रानात सापडत नाही, माणसाच्या घरांतच राहते. गटारातून येणारं मोठं लालसर झुरळ वेगळं. त्याला अमेरिकन झुरळ म्हणतात, ते साधारण दीड इंच असतं आणि सेकंदाला दीड मीटरपर्यंत पळतं. पण घरातल्या उच्छादाला बहुतेक वेळा हे लहानच जबाबदार असतं. कोणतं आहे ते आधी ओळखा, कारण उपाय वेगळे आहेत.

हे आधीच सांगायला हवं होतं : चिकट सापळे आणा. पुठ्ठ्याचे, गोंद लावलेले, हार्डवेअरच्या दुकानात मिळतात. मी सहा ठेवले आणि तीन रात्रींनी मोजले. सिंकखाली जिथे पाइप भिंतीत जातो तिथे ३४, फ्रिजच्या मोटरमागे ११, बेडरूममध्ये २. मग माझ्या सांगण्यावरून फवारा बंद करून जेल लावलं, म्हणजे झुरळांनी खाऊन मरावं असं विषारी आमिष. तांदळाच्या दाण्याएवढे ठिपके, बिजागऱ्यांत, ट्रॉलीच्या रुळांमागे, फ्रिजच्या मागे. एकाच जागी मोठा गोळा लावू नका. खाल्लेलं झुरळ फटीत जाऊन मरतं, त्याची विष्ठा पिल्लं खातात आणि तीही मरतात, म्हणून जेल फवाऱ्यापेक्षा खोल जातं. जेलच्या आसपास फवारा किंवा खडूची रेघ असेल तर ती जेलकडे फिरकत नाहीत. माझ्याकडे पहिलं जेल त्यांनी खाल्लंच नाही. लाल उजेडात मी बघत होते : जवळ यायची, तोंड लावायची, मागे सरकायची. काही ठिकाणची जर्मन झुरळं ग्लुकोज, म्हणजे आमिषातली साखर, टाळतात हे १९९३ पासून माहीत आहे; ती त्यांना कडू लागते हे २०१३ मध्ये कळलं. आमची तसलीच होती की जुन्या फवाऱ्याचा वास राहिला होता, कोण जाणे. ओटा पुसून घेतला, दुसऱ्या औषधाचं जेल लावलं आणि ते मात्र खाल्लं गेलं.

दोन आठवड्यांत ३४ चे ५ झाले. मी खूश. पुढच्या आठवड्यात १९. सगळी पाइपच्या भोकाजवळच्या सापळ्यात. फ्रिजमागे शून्य. म्हणजे घरातली संपली होती, ही भिंतीपलीकडून येत होती. पाइपभोवतीचं सिमेंट निघालेलं, बोट जाईल एवढी फट. अंगाच्या उंचीच्या चौथाई फटीतूनही झुरळ दबून आत शिरतं. ही जागा तर त्यांच्यासाठी रस्ताच.

आता चावी.

३ फेब्रुवारीला संध्याकाळी सात वाजता ऑफिसात गेले. मॅनेजर म्हणाले, "मॅडम, लेखी द्या." दुसऱ्या दिवशी अर्ज नेला. "दोन प्रती लागतील." त्याच्या दुसऱ्या दिवशी दोन प्रती घेऊन गेले आणि पोच घेतली. (पोच घ्याच. शिक्का, तारीख, सही. पुढे मला तीच उपयोगी पडली.) चावी सेक्रेटरींकडे असते, ते कमिटीत विषय ठेवतील, असं सांगितलं. १६ तारखेच्या मीटिंगला कोरम झाला नाही. मी मुलीला शेजारच्या काकूंकडे ठेवून खाली गेले होते. तीन जण आले, पंधरा मिनिटं थांबले आणि वर गेले.

त्या रात्री मी हिशेब केला. जर्मन झुरळाची मादी अंड्यांची डबी पोटाला चिकटवून हिंडते आणि पिल्लं निघायच्या बेतात येईपर्यंत सोडत नाही. एका डबीत तीस-चाळीस अंडी, आणि साधारण चार आठवड्यांत पिल्लं बाहेर. मी अर्जाला हात घातला त्या दिवशी जिची डबी नुकतीच तयार झाली होती, तिची पिल्लं पुढच्या मीटिंगला, २ मार्चला, फिरत असणार होती. ती पिल्लं दोन-तीन महिन्यांत स्वतः अंडी घालणार. हे मी मॅनेजरना सांगितलं. ते म्हणाले, "मॅडम, पुढच्या मीटिंगला नक्की."

२ मार्चला विषय निघाला. आधी प्रश्न खर्चाचा. "तुम्हाला त्रास आहे तर तुम्ही करा." मी म्हटलं करते, चावी द्या. "एकाने केलं तर उद्या दुसरा मागेल." सांडपाण्याची सामाईक लाइन सांभाळणं सोसायटीचं काम आहे, आदर्श उपविधीतही तसंच आहे, हे मी वाचून गेले होते आणि सांगितलं. मग डक्टला लागून असलेल्या आठही घरांच्या सह्या आणा, असं ठरलं. सहा मिळाल्या. तळमजल्यावरचं एक घर बंद, मालक बंगळुरूला. आणि तिसऱ्या मजल्यावरच्या वहिनी म्हणाल्या, "आमच्याकडे झुरळं नाहीतच, मी रोज रात्री ओटा धुते." त्या खरंच धुतात. घर आरशासारखं असतं. मला त्यांच्याशी वाद घालायचा नव्हता, म्हणून मी फक्त एक सापळा सिंकखाली ठेवायची परवानगी मागितली.

माझ्यासकट उघड्या सातही घरांत सापळे ठेवले. तीन रात्रींनी आकडे एका कागदावर मजल्याप्रमाणे लिहिले. वहिनींच्या सापळ्यात २२ होती. त्या बराच वेळ सिंकखाली वाकून बघत राहिल्या, मग काही न बोलता सही केली. झुरळाला अन्न नसलं तरी पाणी मिळालं की ते महिनाभर तग धरतं, आणि पाइपच्या भोवती ओल असतेच. त्यांच्या स्वच्छतेत काही खोट नव्हती. बंगळुरूच्या मालकांनी फोटो बघून मोबाइलवरच संमती पाठवली.

सगळं जमलं तर सेक्रेटरीकाका शिमग्याला गावी. चावी त्यांच्या घरात, घराला कुलूप. पूर्ण आठवडा. मी ऑफिसात उभी राहून विचारलं, डक्टमध्ये पाइप फुटला असता तर काय केलं असतं? कोणाकडे उत्तर नव्हतं. पोचेवरची ५ फेब्रुवारीची तारीख दाखवली आणि लेखी विचारलं की आणीबाणीसाठी दुसरी चावी कुठे आहे. काका आल्यावर २२ मार्चला सकाळी स्वतः चावी घेऊन खाली आले. माझा कागद मागून घेतला, मजल्यांवरून बोट फिरवत वाचला आणि म्हणाले, "हे आधी दाखवायचं होतंस." बरोबर आहे. अर्जात शब्द कमी आणि आकडे जास्त हवे होते. हा सल्ला मी मनापासून देते.

दार उघडलं. खालच्या चेंबरचं झाकण तडकलेलं, त्यात मोठी लाल झुरळं. वर प्रत्येक मजल्याच्या पाइपभोवती मिरीपूड सांडल्यासारखे काळे ठिपके, ती त्यांची विष्ठा. त्या वासाने बाकीची तिथे जमतात. एकाच दिवशी डक्टमध्ये आणि सातही घरांत जेल लावलं, झाकण बदललं. एकाच दिवशी, हे महत्त्वाचं आहे. पाच दिवसांनी बंद घराची किल्ली आली, तिथेही लावलं. पाइपभोवतीच्या फटी प्रत्येकाने सिमेंटने बुजवल्या, पण गर्दी ओसरल्यावर, आणि काळे ठिपके साबणाच्या पाण्याने धुतले, तेही शेवटी. तीन आठवड्यांनी जेल परत लावलं, कारण मधल्या काळात डब्यांतून नवी पिल्लं निघतातच.

जूनमध्ये आमच्या सिंकखालच्या सापळ्यात १, वहिनींच्या ०. मुलीचा पंप अजून चालू आहे, पण रात्री उठणं कमी झालंय. डक्टची दुसरी चावी आता ऑफिसात खिळ्याला टांगलेली असते. मी आठवड्यातून एकदा जाऊन बघते.