भोकाचा पैसा

आजीच्या शिवणाच्या डब्यात, बटणे आणि रिकामी रिळे यांच्या तळाशी, गिरणीच्या सुतात ओवलेली भोकाच्या पैशांची एक माळ अजून आहे. दर चार पैशांनंतर एक गाठ मारलेली. म्हणजे गाठीगाठीला एक आणा आणि अख्ख्या माळेची पावली, म्हणजे चार आणे. महायुद्धात धातू वाचवण्यासाठी सरकारने १९४३ साली हा पैसा काढला, आणि आधीच्या भरीव पैशाच्या निम्म्याहूनही कमी वजनात तो बसवला. सरकारने भोक पाडून काटकसर केली. आजीने त्याच भोकाचा उपयोग करून घेतला.

तिची अडचण घासलेटाची होती. मार्च १९४२ मध्ये रंगून पडले आणि ब्रह्मदेशातून येणारा तांदूळ व तेल दोन्ही आटले. तांदळाचे सोलापूरकरांना तितके सुतक नव्हते, कारण ज्वारीच्या या मुलखात भात सणावारीच ताटात येई. पण चिमणीतले घासलेट मात्र थेंबाथेंबाने पुरवावे लागे. म्हणून पहाटे दुधाचे पैसे काढताना आजी चिमणी लावत नसे, अंधारातच गाठी चाचपून मोजत असे.

कापडाची तऱ्हा तर अधिकच चमत्कारिक होती. आजोबा गिरणीत मागावर उभे राहून वारच्या वार कापड विणत, आणि घरी मात्र धड धोतर नसे. देशातले कापड सैन्याकडे चालले होते, आणि १९४३ मध्ये त्यावर नियंत्रणही आले. आजीचे लुगडे मध्ये विरले की ती विरलेला भाग कापून काढी, दोन्ही तुकडे जोडून दांड घाली आणि ती शिवण निऱ्यांत अशी दडवी की शेजारणीलाही पत्ता लागू नये. (शेजारणीच्या लुगड्यालाही दांड होताच, हे तिला ठाऊक होते.) कापलेल्या तुकड्याचे आधी बाळोते होई, मग तो वाकळेत जाई, वाकळ फाटली की पोतेरे, आणि अगदी शेवटी चिमणीची वात. तेल नसले तरी वात तयार असे.

परवा वीज गेली तेव्हा मी ती माळ डोळे मिटून मोजली. पंधरा भरले. माझीच चूक समजून पुन्हा मोजले, तरी पंधराच. आईला विचारले, तर तिने स्वयंपाकघरातल्या जुन्या पातेल्याचे झाकण पुढे केले. सोळावा पैसा मुठीच्या स्क्रूखाली वायसर होऊन बसला होता, आणि मूठ जराही हलत नव्हती.