तुम्ही विचारलंत म्हणून : ते बांधीव खंड कुठे गेले?

‘मॅडम, जर्नल्सचे ते जुने खंड कुठे गेले?’ हा प्रश्न मला, ग्रंथपाल म्हणून, गेली कित्येक वर्षं विचारला जातोय. संशोधन-नियतकालिकांचे अंक एकत्र बांधून केलेले ते खंड आमच्या ग्रंथालयाने काढून टाकले, त्याबद्दलचा. निवृत्त प्राध्यापक विचारतात तेव्हा तो प्रश्न नसतोच, आरोप असतो. संशोधक विद्यार्थी विचारतात तेव्हा त्यात नुसती घाई असते. नव्याने रुजू झालेले सहकारी मात्र खरंच कुतूहलाने विचारतात आणि नेमकी त्यांच्यापुढेच माझी जीभ अडखळते. माझी उत्तरं ठरलेली आहेत. जागा नव्हती. कसर लागली होती. सगळं ऑनलाइन आलं होतं. निर्णय समितीचा होता. चारही उत्तरं खरी आहेत आणि चारही एकत्र केली तरी प्रश्न तिथेच राहतो. म्हणून एकदा सविस्तर लिहून टाकते.

आधी माझी बाजू. जुन्या ग्रंथालयाबद्दल हळहळणाऱ्यांनी ते जुनं ग्रंथालय फारसं वापरलेलं नसतं, हा माझा अनुभव. मी वापरलंय आणि चालवलंयही. पुस्तकाच्या नोंदीचं साडेसात बाय साडेबारा सेंटिमीटरचं कार्ड, त्यावर ठरलेल्या जागी ठरलेलं अंतर सोडून लिहायचं, एक कार्ड चुकीच्या जागी लागलं की ते पुस्तक वाचकाच्या दृष्टीने मेलं. लेखक, शीर्षक, विषय या तीन दारांतूनच आत शिरता यायचं. शीर्षकातला तिसरा शब्द तेवढा आठवत असेल, तर नशीब तुमचं. संगणकाची तालिका, म्हणजे पुस्तकांची सूची, आली आणि तो तिसरा शब्द पुरेसा झाला. ग्रंथालयांना कार्डं पुरवणाऱ्या ओसीएलसी या अमेरिकी संस्थेने १ ऑक्टोबर २०१५ ला तालिकेची शेवटची कार्डं छापली, तेव्हा ज्यांनी आयुष्यात कधी कार्डांचा खण ओढला नव्हता त्यांनीही उसासे टाकले. मी नाही टाकले.

जर्नल्सचंही तेच. हवा तो खंड बायंडिंगला गेलेला असायचा. परत आला, तर बाइंडरने कापताना समासातल्या टिपा अर्ध्या उडवलेल्या. आणि परीक्षेच्या आधी कुणीतरी ब्लेडने सफाईदारपणे कापून नेलेली पानं! हे कुणाला आठवत नाही. त्या तुलनेत रात्री अकरा वाजता, घरी बसून, एकाच वेळी तिघांना तोच लेख वाचता येणं म्हणजे काय, हे ग्रंथालयात आयुष्य काढलेल्या माणसाला विचारा. मी हरखले होते. आजही त्या हरखण्याची मला लाज वाटत नाही.

कपाटं रिकामी करण्याची कल्पनाही माझी नव्हती, हे नोंदवून ठेवते. जर्नल्सचे जुने अंक ऑनलाइन देणारं जेस्टोर १९९५ मध्ये सुरू झालं त्याच्या मुळाशी जागेचीच अडचण होती. अमेरिकेतल्या मेलन फाउंडेशन या देणगी-संस्थेचे तेव्हाचे अध्यक्ष विल्यम बोवेन तिथल्याच डेनिसन विद्यापीठाच्या विश्वस्त मंडळावर होते. तिथे ग्रंथालयाला जागा कमी पडत होती. जर्नल्सचे जुने अंक स्कॅन करून सगळ्यांनी मिळून वापरले, तर प्रत्येकाला ते ठेवायची गरज उरणार नाही, असा तो विचार. सुरुवात इतिहास आणि अर्थशास्त्राच्या दहा जर्नल्सपासून झाली. म्हणजे मी जे केलं ते जगातल्या शहाण्या माणसांनी आधीच शहाणपणाचं ठरवलेलं होतं.

फक्त जेस्टोरमध्ये अंक पानापानाने तपासून घेत होते, आणि छापील संचही एखाद-दोन जागी जपून ठेवायची व्यवस्था झाली. आम्ही त्या विचारातला अर्धाच भाग उचलला. रिकामं करण्याचा.

समितीपुढे ठेवलेलं टिपण माझंच होतं. त्याची प्रत माझ्याकडे आहे. ‘सदर खंडांचा वापर नगण्य असून त्यांतील मजकूर ऑनलाइन उपलब्ध असल्याने त्यांचे निर्लेखन करण्यास हरकत नसावी.’ निर्लेखन म्हणजे नोंदीतून कायमचं काढून टाकणं. या एका वाक्याशी मी किती वर्षं भांडतेय. ‘वापर नगण्य.’ तो मोजला कसा होता, बाई? बांधीव खंड घरी नेता येत नाहीत, त्यामुळे देवघेव विभागात त्यांची नोंद होत नाही. टेबलावर पडून राहिलेले खंड संध्याकाळी मोजायचे, ही आमची पद्धत. आणि शिस्तीचा वाचक तर खंड पुन्हा जागेवर ठेवून जातो! म्हणजे ज्यांनी नीट वापरले, त्यांचा वापर आम्ही शून्य धरला. ‘ऑनलाइन उपलब्ध.’ कुणाला, कुठवर, कशाच्या जोरावर? टिपणात त्याबद्दल एक अक्षर नाही. ‘हरकत नसावी.’ हे तर सरळ पळवाटेचं क्रियापद आहे. हरकत घेण्याचं काम दुसऱ्यावर ढकललेलं.

पण ते टिपण लिहिणारी बाईही गप्प बसत नाही. ती म्हणते, तुला आज शहाणपण सुचतंय. तेव्हा नव्या संगणक कक्षाला जागा हवी होती, छत गळत होतं, त्या रॅकमधून हात फिरवला की बोटं काळी व्हायची. तू तरी काय केलं असतंस? मला उत्तर येत नाही.

अकराशेच्या आसपास खंड गेले. वजनावर.

आता ती गोष्ट, जिच्यामुळे हे लिहायला बसले. पाचेक वर्षं मध्ये गेली असतील. भूशास्त्राची एक संशोधक विद्यार्थिनी आली. तिला १९५० च्या दशकातला एक लेख हवा होता, एका नदीच्या बदलत्या पात्राबद्दलचा. मी ऐटीत म्हटलं, बस इथेच, दोन मिनिटांत काढून देते. उघडलं तर संस्थेला प्रवेश नाही. मला वाटलं आयपी पत्त्यांचा, म्हणजे संस्थेचे संगणक ओळखायच्या क्रमांकांचा, घोळ असेल, तो नेहमीचाच. पुरवठादाराला मेल केला. दोन दिवसांनी उत्तर आलं. ते जर्नल दुसऱ्या प्रकाशकाकडे गेलं होतं, आणि आमच्या करारानुसार वर्गणी चालू आहे तोवरच जुने अंक वाचण्याची मुभा होती. आधीच्या वर्षी अंदाजपत्रकाला कात्री लागली तेव्हा आम्ही जर्नल्सच्या ज्या गठ्ठ्यावर काट मारली होती, त्यातच ते बसलेलं होतं.

करार काढून वाचला. नवव्या पानावर ते कलम होतं. खाली सही माझी.

तरी मी तिला म्हटलं, काळजी करू नकोस. एका परिचित ग्रंथपालांकडून पीडीएफ मागवली. ती आली, मी पाठवली, आणि स्वतःवर खूश होऊन घरी गेले. दुसऱ्या दिवशी ती लॅपटॉप घेऊन हजर. लेख पूर्ण होता. पण लेखाचा सगळा जीव ज्या नकाशात होता तो नकाशा नव्हता. म्हणजे होता, घडी घातलेला. स्कॅन करणाऱ्याने घडी उलगडलीच नव्हती. पडद्यावर कागदाची कोरी पाठ, कडेला नकाशाची बोटभर पट्टी आणि कोपऱ्यात त्या माणसाचं रबरी टोपी घातलेलं बोट.

‘मॅडम, मूळ खंड बघू का?’ तिने विचारलं. तिला माहीत नव्हतं.

मी काहीतरी हालचाल करायची म्हणून जुनी दाखल नोंदवही काढली. त्या खंडाची ओळ सापडली. माझ्या आधीच्या ग्रंथपालांचं रेखीव अक्षर, आणि शेवटच्या रकान्यात शेरा: ‘घडीचा नकाशा १. जपून उलगडावा.’ त्याच ओळीवर तांबड्या शाईत शिक्का: निर्लेखित. तारीख. माझी आद्याक्षरं.

तो शेरा संगणकावर का नव्हता, हेही सांगते, म्हणजे काही लपवलं असं नको. नोंदी संगणकात चढवण्याचं काम आम्ही बाहेर दिलं होतं, दर नोंदीमागे ठरावीक पैसे. सॉफ्टवेअरमध्ये अशा शेऱ्यासाठी जागा होती. ग्रंथालयाच्या नोंदी संगणकात भरण्याच्या मार्क पद्धतीत २४५ म्हणजे शीर्षक, ३०० म्हणजे पानं, चित्रं, नकाशे, ५०० म्हणजे टीप. झोपेतून उठवलं तरी मी हे आकडे सांगेन. पण ‘शेऱ्याचा रकाना सोडून द्या, काम लांबतंय’ असं त्या मुलांना मीच सांगितलं होतं. म्हणजे खंड टाकण्याच्या कितीतरी आधी तो नकाशा मी एकदा टाकलेलाच होता.

त्या मुलीने ती ओळ वाचली. आवाज न चढवता तिने एवढंच विचारलं, ‘टाकताना उघडून नव्हतं का बघितलं?’

आणि मी म्हटलं, ‘अकराशे खंड कोण उघडून बघणार?’

उत्तर खरं होतं. पण ते ज्या सुरात मी दिलं, तो सूर मला अजून ऐकू येतो. माझ्याच टेबलापाशी, माझ्याच नोंदवहीवर बोट ठेवून उभ्या असलेल्या मुलीवर मी खेकसले होते. ती ‘बरं’ म्हणाली आणि लॅपटॉप मिटला.

मग मी सात ग्रंथालयांना पत्रं लिहिली. दोघांचं उत्तर आलं नाही. चौघांनी कळवलं की त्यांनीही तो संच काढून टाकलाय, कारण तो ऑनलाइन उपलब्ध आहे. प्रत्येकाने हे धरूनच काढला होता की दुसऱ्या कुणाकडे असेलच. सातव्याकडे होता, आणि तोही जपण्याचं धोरण म्हणून नव्हे. त्यांच्याकडे काढून टाकायला मनुष्यबळ नव्हतं. तिथल्या एका कर्मचाऱ्याने दोन टेबलं जोडून तो नकाशा उलगडला आणि मोबाइलवर दोन तुकड्यांत फोटो काढून पाठवला. त्याच्या हाताची सावली नकाशावर पडली आहे. त्या सावलीसकट तो प्रबंधात छापला गेला.

ही गोष्ट ऐकली की लोक दोनपैकी एक निष्कर्ष काढतात आणि मला दोन्हींचा राग येतो. पहिला: म्हणजे कागदच खरा. तसं असेल तर ब्रिटिश लायब्ररीचं बघा. ऑक्टोबर २०२३ मध्ये तिच्यावर सायबर हल्ला झाला. पुस्तकं जागच्या जागी, एकालाही धक्का नाही. पण कुठलं पुस्तक कुठल्या गोदामात हे सांगणारी आणि ते मागवून देणारी यंत्रणाच बंद. महिनोन्‌महिने कितीतरी पुस्तकं शाबूत असून वाचकाला मिळेनात. तालिका शोधण्यापुरती पुन्हा सुरू व्हायला जानेवारी २०२४ उजाडला. ‘कार्डांचे खण असते तर’ म्हणत त्या दिवशी मीही उसासा टाकला.

दुसरा निष्कर्ष: म्हणजे प्रकाशकच चोर. हे म्हणायला सोपं आहे, आणि किमती बघितल्या की पटकन पटतंही. हवी असलेली दहा आणि नको असलेली शंभर जर्नल्स एकाच गठ्ठ्यात घ्या, या व्यवहाराला अमेरिकी ग्रंथपाल केनेथ फ्रेझियर यांनी २००१ मध्ये ‘बिग डील’ म्हटलं आणि इशाराही दिला की एकदा यात शिरलात की बाहेर पडणं कठीण. आम्ही शिरलो. पण कॅलिफोर्निया विद्यापीठाने २०१९ मध्ये एल्सव्हियर या बड्या प्रकाशकाशी बोलणी तोडली, त्या जुलैत नव्या लेखांचा प्रवेश बंद झाला, तेव्हा २०१८ पर्यंतचे बहुतेक लेख त्यांच्या वाचकांना मिळतच राहिले. कारण ते हक्क त्यांनी कायमचे घेऊन ठेवले होते. त्या जोरावर ते दोन वर्षं भांडू शकले आणि २०२१ मध्ये नवा करार केला. त्यांचा आवाका मोठा, आमचा नाही, हे मान्य. पण नववं पान वाचायला आवाका लागत नाही. मी भाड्याने घेतलेल्या घराच्या भरवशावर राहतं घर विकलं, आणि तेही भाडेकरार न वाचता.

स्टॅनफर्डमधून लॉक्स नावाचा प्रकल्प निघाला, त्याच्या नावाचा अर्थच असा की पुष्कळ प्रती असल्या की वस्तू टिकते. ग्रंथालयांनी विकत घेतलेल्या डिजिटल मजकुराच्या प्रती आपापल्या संगणकांवर ठेवायच्या आणि त्या आपसात ताडून बघायच्या. हे मला नंतर नव्हे, त्या काळातच माहीत होतं. एका कार्यशाळेत मी त्याबद्दल ऐकलं होतं, वहीत टिपूनही घेतलं होतं. वही सापडली परवा.

तर, खंड कुठे गेले? लगद्यात गेले. मी पाठवले. पुन्हा तीच वेळ आली तर? छत तसंच गळत असेल, संगणक कक्ष तसाच अडलेला असेल, तर मी बहुधा पुन्हा सही करेन. घडीचे नकाशे बघून करेन, असं म्हणावंसं वाटतं. पण तेव्हा नकाशे बघायचे राहिले. पुढच्या वेळी काय बघायचं राहील ते मला कुठे माहीत आहे?

मागच्याच आठवड्यात निर्लेखनाची नवी यादी टेबलावर आली. पुस्तकांसोबत आलेल्या सीडी, सहाशे बारा. ‘वापर शून्य.’ वापर शून्यच असणार, आमच्या एकाही संगणकाला आता सीडी घालायची सोय नाही. बीबीसीने १९८६ मध्ये लाखो लोकांच्या हातून देशाचं चित्र गोळा करून लेझर डिस्कवर ठेवलं, आणि पंधरा-वीस वर्षांत त्या वाचणारी यंत्रंच दुर्मिळ झाली; ते आठवलं. सहायकाला म्हटलं, बाहेरून जोडायचा एक ड्राइव्ह मिळतो का बघ. तो म्हणाला, ‘मॅडम, सहाशे सीडी कोण लावून बघणार?’

मी काही बोलले नाही. काल पहिल्या अकरा लावून झाल्या. त्यातल्या चार उघडल्या नाहीत.