फेनवेला जाताय? आधी खांब बघा, मग तिकीट काढा

उन्हाळा तोंडावर आला की आमच्या बॉस्टनजवळच्या फ्रेमिंगहॅमच्या मराठी मंडळींकडे भारतातून आई-बाबा यायला लागतात, आणि मला मेसेज यायला लागतात. "रेड सॉक्सची मॅच दाखवायची आहे गं, कुठली तिकिटं काढू?" रेड सॉक्स म्हणजे बॉस्टनचा बेसबॉल संघ, आणि फेनवे पार्क हे त्यांचं मैदान. हे खातं माझ्याकडे कसं आलं देव जाणे. दरवेळी तेच पुराण फोनवर लावण्यापेक्षा एकदाच लिहून टाकते.

सगळ्यात आधी क्रिकेटचा हिशेब डोक्यातून काढा. क्रिकेटमध्ये षटक संपलं की टोक बदलतं, चेंडू चहूकडे जातो. त्यामुळे वानखेडेवर कुठेही बसा, थोडं थोडं सगळ्यांच्या वाट्याला येतं. बेसबॉलमध्ये पिचर कायम त्याच उंचवट्यावरून, त्याच दिशेला टाकणार. फटका समोरच्या नव्वद अंशांत पडला तरच खरा, बाकी सगळे फाउल. म्हणजे पहिल्या इनिंगला तुमच्या खुर्चीतून जे दिसत नाही, ते नवव्या, म्हणजे शेवटच्या, इनिंगलाही दिसणार नाही. इथे जागा बदलून मिळत नाही आणि टोकही बदलत नाही.

त्यात फेनवे पार्क म्हणजे १९१२ सालचं बांधकाम. आजूबाजूला आधीपासून रस्ते, मग त्यात बसेल तसं मैदान. १९३४ मध्ये त्याची मोठी डागडुजी झाली, पण सांगाडा जुनाच. घरच्या प्लेटमागे (बॅटर जिथे उभा राहतो ती जागा) आणि दोन्ही बाजूंना जो छपराखालचा भाग आहे, त्याला ग्रँडस्टँड म्हणतात. त्या छपराला खांब आहेत. चाळीच्या गॅलरीत असतात तसे सरळसोट लोखंडी खांब, आणि ते प्रेक्षकांच्या मधोमध उभे आहेत. तुमची खुर्ची अशा खांबामागे आली तर कधी पिचर गायब, कधी बॅटर गायब. साइटवर 'ऑब्स्ट्रक्टेड व्ह्यू' असं लिहिलेलं दिसलं की स्वस्ताच्या मोहात पडू नका. बरं, लिहिलेलं नसलं म्हणजे खांब नाहीच असंही नाही. तिकिटाच्या साइटवर जो देखणा फोटो दिसतो तो बऱ्याचदा अख्ख्या सेक्शनचा असतो, तुमच्या खुर्चीचा नसतो.

मग करायचं काय? ग्रँडस्टँडच्या पुढे, छपराच्या बाहेर लोज बॉक्स आहेत. तिथे खांब नाहीत, पण ऊन आहे, पाऊस आहे आणि दरही आहे. ग्रँडस्टँडमध्येच बसायचं तर फार मागची रांग नको. छप्पर इतकं खाली येतं की उंच उडालेला चेंडू अर्ध्यातच दिसेनासा होतो, आणि मग तो झेलला की नाही हे लोकांच्या ओरडण्यावरून ओळखायचं. येण्याजाण्याच्या वाटेला लागून असलेली पहिली रांगही नको. समोरून अखंड बिअरचे ग्लास घेतलेली माणसं जात असतात. मधल्या रांगा बघा. खुर्च्या लाकडी, निळ्या, जुन्या आणि अरुंद. गुडघे दुखणारं माणूस बरोबर असेल तर कडेची खुर्ची मागून घ्या, नाहीतर दर दोन इनिंगला सगळी रांग उठवावी लागते.

आता बाजू. रेड सॉक्सचा डगआउट, म्हणजे खेळाडूंची बसायची जागा, पहिल्या बेसच्या बाजूला (प्लेटमागून बघताना उजवीकडे) आहे, म्हणून सगळे तिकडे धावतात. मी तिसऱ्या बेसची, म्हणजे डावीकडची, बाजू सांगते. प्लेटवरून सेंटर फील्डकडे, म्हणजे सरळ समोर, बघितलं तर ती दिशा साधारण ईशान्य येते. त्यामुळे संध्याकाळचं ऊन तिसऱ्या बेसच्या स्टँडमागे उतरतं आणि थेट पहिल्या बेसच्या आणि राइट फील्डच्या लोकांच्या डोळ्यांत जातं. शिवाय तिसऱ्या बेसकडून, सेक्शन २८-२९च्या आसपास, इनफील्ड, म्हणजे बेसच्या आसपासचा भाग, समोर उलगडून दिसतं आणि डाव्या हाताला ती प्रसिद्ध हिरवी भिंत, ग्रीन मॉन्स्टर, अगदी जवळ येते. ३७ फूट उंच, आणि प्लेटपासून फक्त ३१० फुटांवर. दुसऱ्या मैदानात सहज झेल जाईल असा फटका इथे भिंतीवर धाडकन आदळतो. भिंतीच्या पायथ्याशी धावफलक आहे, तो अजून माणसं हाताने बदलतात. आमच्या बाबांना, म्हणजे माझ्या सासऱ्यांना, सामन्यापेक्षा तोच जास्त आवडला. "अगं, आतमध्ये माणूस आहे!" असं त्यांनी शेजारच्या गोऱ्या आजोबांना मराठीतच सांगितलं, आणि त्या आजोबांनीही मान डोलावली.

राइट फील्डच्या कोपऱ्यातले ग्रँडस्टँडचे ५, ६, ७ हे सेक्शन मात्र कुणी फुकट दिले तरच घ्या. तिथल्या खुर्च्यांची तोंडं प्लेटकडे नाहीतच, समोर आउटफील्डकडे आहेत. खेळ चालतो डावीकडे. तीन तास मान डावीकडे वळवून बसायचं आणि घरी येऊन बाम चोळायचा.

मॉन्स्टरच्या डोक्यावर २००३ पासून खुर्च्या आहेत. महाग आणि मिळायला कठीण. फोटो झकास येतात, पण खाली भिंतीलगत चेंडू पडला की तुम्हालाच दिसत नाही. पहिल्यांदा बेसबॉल बघणाऱ्याला तिथे नेऊ नये असं माझं स्पष्ट मत आहे.

आणि ब्लीचर्स. सेंटर आणि राइट फील्डच्या मागचा उघडा, हिरव्या खुर्च्यांचा, तुलनेने स्वस्त भाग. टीव्हीवर आपण पिचरच्या पाठीमागून बघतो ना, साधारण तीच बाजू, फक्त फार लांबून. मला स्वतःला, कुणी पाहुणे बरोबर नसताना, इथेच बसायला आवडतं. पुढच्या रांगांत बसलात तर बुलपेन समोर येतं, म्हणजे राखीव पिचर हात गरम करतात ती जागा. तिथे चेंडू कॅचरच्या ग्लव्हमध्ये बसतो तेव्हा जो आवाज होतो, तो टीव्हीवर येत नाही. दुपारच्या सामन्यात मात्र ब्लीचर्स टाळा, ऊन समोर असतं. इथे सेक्शन ४२, रांग ३७, खुर्ची क्रमांक २१ तेवढी लाल आहे. ९ जून १९४६ ला रेड सॉक्सच्या टेड विल्यम्सने मारलेला ५०२ फुटांचा होमरन (आपला षटकारच समजा) तिथे बसलेल्या माणसाच्या गवती हॅटवर पडला. त्या बिचाऱ्याला चेंडू दिसलाच नव्हता. कारण? ऊन डोळ्यांत होतं.

दुपारच्या सामन्याला मधल्या ब्लीचर्सचा एक तुकडा काळं कापड घालून रिकामा ठेवलेला दिसेल. ती तिकिटं विकली गेली नाहीत असं समजू नका. आपल्याकडे साइटस्क्रीन असतो तशी ती बॅटरची सोय आहे.

मुलं बरोबर असतील तर त्यांना फाउल बॉल हवा असतो. इथे प्रेक्षकाने पकडलेला चेंडू त्याचाच, परत द्यायचा नाही. बाबांना हे कितीतरी वेळ पटत नव्हतं. पण प्लेटमागे आणि डगआउटपर्यंत, त्याच्याही पुढे, आता जाळी आहे. चेंडू हवा तर जाळी संपते तिथून पुढच्या जागा बघायच्या, आणि मग फोनमध्ये डोकं घालून बसायचं नाही. चेंडू कातडी आणि कडक असतो, चांगलाच लागतो.

खाण्याचं थोडक्यात. शाकाहारी मंडळींची पोटभर सोय होईल असं समजू नका, घरून खाऊन निघा. शेंगा मात्र मिळतात, सालांसकट, आणि टरफलं खाली टाकायची असा रिवाज आहे. आजूबाजूला सगळे पायाखाली चुरडत बसलेले असताना बाबा एकेक टरफल कागदी पिशवीत गोळा करत होते. मी म्हटलं, "राहू द्या हो बाबा, इथे चालतं." तर म्हणाले, "टिळकांनी खाल्ल्या नव्हत्या म्हणून उचलली नाहीत. मी खाल्ल्यात."

दर सामन्यागणिक बदलतात. न्यूयॉर्कचे यांकीज, म्हणजे इथले कट्टर प्रतिस्पर्धी, आले की विचारू नका. एप्रिल-मेमधला, शनिवार-रविवार सोडून मधल्या वारचा, एखाद्या फारशा न गाजणाऱ्या संघाविरुद्धचा सामना धरा, त्याच पैशांत बरीच चांगली जागा मिळते. फक्त एप्रिलच्या रात्री छपराखाली कुडकुडायला होतं. आईंसाठी शाल घ्याच, आणि एक जास्तीची घ्या, कारण "मला नको" म्हणणारे बाबा चौथ्या इनिंगला ती मागतात.

गाडी नेऊ नका, पार्किंगला तिकिटाएवढे पैसे जातात. फ्रेमिंगहॅमहून लोकल थेट लॅन्सडाउनला सोडते, तिथून मैदान चालत काही मिनिटांवर. २०२३ मध्ये पिच क्लॉक (पिचरने ठरावीक सेकंदांत चेंडू टाकायचा, त्यासाठीचं घड्याळ) आल्यापासून सामने बरेचसे पावणेतीन तासांच्या आत आटपतात, त्यामुळे परतीची गाडी गाठता येते. पण बरोबरीत अडकला सामना तर दहावी, अकरावी इनिंग होते, म्हणून शेवटच्या गाडीची वेळ निघतानाच बघून ठेवा. आणि सामना सुटल्यावर सगळे त्याच गाडीला येतात, तेव्हा आई-बाबांना आठव्या इनिंगनंतर घेऊन निघालात तर त्यांना बसायला मिळेल.