संहिता नाही, तरी लेखक?

आमच्या तालमीला नवी मुलं आली की महिन्याभरात कुणीतरी विचारतंच, "सर, तो ब्रिटिश दिग्दर्शक माइक ली संहितेशिवाय सिनेमा करतो. बोलतात ते नट. मग तो लेखक कसा?" परवा तुम्हीही विचारलंत, म्हणून जरा सविस्तर सांगतो.

कॅमेऱ्यासमोर त्याचे नट मनाला येईल ते बोलत नाहीत. ली आधी प्रत्येकाला एकेकटं घेऊन बसतो. नटाच्या ओळखीतल्या खऱ्या माणसांबद्दल ऐकतो आणि त्यातून पात्र वाढवत नेतो. ते कुठे राहिलं, पोट कशावर भरतं, कुणाशी बोलणं टाकलंय. आपल्या पात्राला ठाऊक नाही ते नटालाही कळू द्यायचं नाही, हा त्याचा कडक नियम. मग पात्रं समोरासमोर आणायची आणि तासन्‌तास उत्स्फूर्त प्रसंग करून घ्यायचे. त्यातलं नेमकं तो उचलतो, बाकीचं काढून टाकतो, पुन्हा करून घेतो. चित्रीकरणापर्यंत शब्द अन् शब्द पक्का झालेला असतो.

'व्हेरा ड्रेक' (२००४) घ्या. १९५०चं लंडन. घरकाम करणारी व्हेरा अडलेल्या बायकांचे गर्भपात चोरून करते, पैसे न घेता. तेव्हा तो गुन्हा होता. तिच्या घरच्यांचं काम करणाऱ्या नटांना यातलं काही माहीत नव्हतं. तालमीत सगळे घरात असताना दारावर पोलिस आले, आणि पोलिस येणार हे खुद्द व्हेराचं काम करणाऱ्या इमेल्डा स्टॉन्टनलाही ठाऊक नव्हतं! त्या सिनेमाला व्हेनिस चित्रपट महोत्सवाचा सर्वोच्च पुरस्कार, गोल्डन लायन, मिळाला.

या पद्धतीची किंमतही त्याने मोजली. पहिला सिनेमा १९७१चा, चित्रपटगृहासाठीचा दुसरा थेट १९८८चा. कागदावर काहीच नसलेल्या सिनेमात पैसे घालणार कोण? मधली सतरा वर्षं तो टीव्हीसाठी, मुख्यतः बीबीसीसाठी, आणि रंगभूमीवर काम करत राहिला. ती वर्षं वाया गेली असं मला मुळीच वाटत नाही. १९७७मध्ये हॅम्पस्टेड थिएटरमध्ये असंच तालमीतून उभं राहिलेलं 'अ‍ॅबिगेल्स पार्टी' हे नाटक आज छापील संहितेवरून हौशी मंडळीही करतात.

मूळ पटकथेसाठी ऑस्करचं नामांकन त्याला पाच वेळा मिळालंय. पण माझं खरं उत्तर 'सीक्रेट्स अँड लाइज' (१९९६) मध्ये आहे. दत्तक दिलेली मुलगी अनेक वर्षांनी आईला भेटते. आई गोरी आहे. मुलगी कृष्णवर्णीय आहे, हे आईचं काम करणाऱ्या ब्रेंडा ब्लेथिनला तालमीतल्या भेटीतच कळलं. सिनेमात दोघी रिकाम्या कॅफेत शेजारी शेजारी बसल्यात. सात मिनिटांहून जास्त वेळ कॅमेरा हलत नाही. ही आपली मुलगी नाहीच, असं आई ठामपणे म्हणते, काहीतरी आठवतं, गप्प होते आणि कोसळते.

ते गप्प होणं एकदा नीट बघा. तेही लिहिलेलंच आहे.